वद्य सप्तमीचा डबा

आमच्या तिठवण्यात चंद्रानं गाळलेल्या तिथी पत्र्याच्या डब्यांत भरून ठेवतात आणि गरजवंताला अर्जावर देतात. अर्ज साध्या कागदावर चालतो, फक्त समास सोडलेला हवा.

बाहेरगावच्यांना याचं नवल वाटतं, म्हणून थोडं सांगतो. आमचं वर्ष तेरा महिन्यांचं. महिन्यांना धान्यांची नावं आहेत, राळा, वरी, नाचणी, कुळीथ, वाल अशी, आणि तेराव्याला नुसतं चाळण म्हणतात. सगळी मोजणी चंद्रावर. पण आमचा चंद्र अंगानं बारीक आणि स्वभावानं उतावळा. वर्षातून चार-पाच वेळा तो एखादी तिथी ओलांडून सरळ पुढच्या तिथीवर जाऊन उभा राहतो. पंचमी म्हणून झोपावं तर उठल्यावर सप्तमी. मधली षष्ठी वाया जाऊ नये म्हणून तिथी कचेरीचा माणूस टेकडीवर उघडा डबा धरून उभा असतो. तिथी डब्यात पडली की झाकण लावायचं, वर कथील वितळवून झाळ मारायची आणि महिना, पक्ष, तिथी व त्या दिवसाचं हवामान लिहून मागच्या खोलीत ठेवायचं. डब्यात दिवसच मावतो. रात्रीसाठी मोठे डबे मागवले आहेत, ते अजून आलेले नाहीत.

डबा ज्या तिथीचा असेल त्याच तिथीला उघडावा लागतो, महिना कुठलाही चालतो. उघडला की भोवतालच्या शंभर हातांतल्या माणसांना तीस घटकांचा एक अख्खा दिवस जास्तीचा मिळतो. त्यापलीकडच्यांच्या लेखी तेवढ्यात पापणीही लवत नाही. डबा हातात घेऊन चाललं तर दिवसही बरोबर चालतो. लोक बहुतेक सुगीसाठी डबा नेतात, काही परीक्षेसाठी. एका गृहस्थांनी नुसतं झोपायला नेला होता. त्यांनाही दिला आणि कारणाच्या रकान्यात 'झोप' असं लिहिलं.

मी या कचेरीत एकोणतीस वर्षं कारकून आहे. दिगंबर दप्तरी नियमाला फार चिकटून असतो असं गावात म्हणतात. बरोबर आहे. कारकुनानं नियमाला नाही चिकटायचं तर काय गुळाला चिकटायचं?

गेल्या वालाच्या महिन्यात, वद्य सप्तमीला, कचेरी उघडून मी दौतीत पाणी घालत होतो तेवढ्यात रावजी तांबटांची सगुणा खिडकीशी आली. रावजी म्हणजे आमच्या सगळ्या डब्यांना झाळ मारणारे. चाळीस वर्षांत त्यांच्या हातचा एक डबा गळला नाही. दोन महिन्यांपासून ते अंथरुणाला खिळले होते आणि सगुणाच त्यांचं सगळं करत होती.

"काका, वद्य सप्तमीचा डबा आहे का?" तिनं विचारलं.

"एकच आहे. कशाला हवा?"

"आबांचं काही खरं नाही. वैद्य म्हणाले, दुपार बघायचे नाहीत. अनसाला निरोप धाडला होता, ती वाटेवर आहे. काल टपालवाल्याला खिंडीपलीकडच्या टाक्यापाशी मुक्कामाला टेकलेली दिसली. पाय मुरगळलाय, आज उजाडल्यावर काठी टेकत निघाली असेल. दिवस मावळेतो काही पोचत नाही. आणि आबा सारखं तिचंच नाव घेतायत."

अनसा म्हणजे तिची जुळी बहीण. खिंडीपलीकडे राहायला जाऊन तिला बारा वर्षं झाली होती. त्या बारा वर्षांत दोघी बहिणी एकमेकींशी एक शब्द बोलल्या नव्हत्या, हे अख्ख्या गावाला ठाऊक होतं. टाक्यापासून गावापर्यंतची वाट धडधाकट माणसाला बारा घटकांची. सगळ्या पायऱ्या. तिथे चाक चालत नाही आणि घोडं चढत नाही.

मी अर्ज वाचला. अक्षर घाईचं असलं तरी समास सोडलेला होता. पण जागेच्या रकान्यात तिनं लिहिलं होतं, 'राहतं घर'.

"सगुणा, खिडकीच्या डाव्या हाताला पाटी आहे. ती वाच."

पाटीवर लिहिलं आहे, 'येणाऱ्याची वाट पाहण्यासाठी डबा घरी उघडू नये.' ती पाटी कोणी वाचत नाही. तिनं वाचली आणि माझ्याकडे पाहिलं.

"घरी डबा उघडलास तर जास्तीचा दिवस आबांच्या वाट्याला येईल," मी म्हणालो. "अनसा तिकडे उचललेलं पाऊल तसंच धरून उभी राहील. आबांपाशी दोन-चार घटकांचा श्वास उरलाय. तो तू तीस घटका पुरवायला सांगते आहेस."

तिनं खिडकीचा गज धरला. ही चूक आमच्या गावात नऊ घरांनी केली आहे. नववं घर माझं. आईच्या शेवटच्या दिवशी माझा धाकटा भाऊ नदीपलीकडे येऊन पोचला होता, नावेची वाट पाहत होता. मी मोठ्या शहाणपणानं घरात डबा उघडला. आई त्या जास्तीच्या दिवसाच्या दुपारी गेली. अंगणात पाहिलं तर कुंपणावरून उडालेला कावळा हवेत तसाच थांबलेला होता. डबा संपल्यावर भाऊ नावेत चढला. डबा उघडला नसता तर त्यांची भेट झाली असती. हे मी कुणाला सांगत बसत नाही. पाटी लिहून लावली आहे आणि दर दिवाळीला तिला नवा रंग देतो.

"मग काय करायचं?" सगुणा म्हणाली.

"दिवस वाटेला द्यायचा. इथून कोणीतरी डबा घेऊन तिच्याकडे जायचं आणि तिला घेऊन यायचं. तेवढ्या वेळात आबांचा एक श्वाससुद्धा खर्च होणार नाही."

जागा बदलायची तर साहेबांची सही लागते. तिथीदार निमकरसाहेब सज्जन माणूस, पण त्यांना प्रत्येक कागद दोनदा वाचायची सवय आहे. त्यांनी अर्ज दोनदा वाचला.

"लाभ घेणार कोण?"

"अनसा रावजी तांबट."

"अर्जदाराशी नातं?"

"जुळी बहीण."

साहेबांनी टाक खाली ठेवला. "मग नियम चौदा."

मला नियम चौदाचा विसर पडला नव्हता. साहेबांना पडेल अशी आशा होती. जो डब्यातल्या दिवसात वावरतो त्याचं वय तेवढं वाढतं. एरवी कुणाला त्याचा पत्ता लागत नाही. पण जुळ्यांमध्ये त्यामुळे थोरलेपण बदलत असेल तर जो थोरला असेल त्याची लेखी संमती घ्यावी लागते. सगुणा अनसापेक्षा एका घटकेनं मोठी होती.

आमच्याकडे थोरलेपणाला किंमत आहे. आईबापांना शेवटचं पाणी थोरल्या लेकरानं पाजायचं, मग ते मुलगा असो की मुलगी, आणि बाकीच्यांनी त्याच्या कोपराला हात लावून मागे उभं राहायचं. या दोघींची आई गेली तेव्हा सगुणानं तांब्या उचलला आणि अनसानं कोपराला हात लावला नाही. 'सुईणीनं न्हाऊ घालताना आमची अदलाबदल केली, आईनं मला स्वतः सांगितलं होतं, थोरली मी,' असं अनसा भरल्या घरात म्हणाली. मग तिनं जन्माच्या नोंदीत दुरुस्ती करण्यासाठी आमच्याकडे अर्ज केला. तो अर्ज मी नामंजूर केला. पुरावा नव्हता आणि नोंद ती नोंद. त्याच आठवड्यात अनसा खिंडीपलीकडे निघून गेली.

साहेबांनी सगुणाला आत बोलावून नियम वाचून दाखवला.

"म्हणजे मी धाकटी होणार," ती म्हणाली.

"सतरा घटकांनी, जेमतेम. डब्यातल्या अठरा घटका तिच्या वाट्याला येतील," मी म्हणालो.

"कायमची?"

"नोंद ती नोंद."

"आणि आबांना पाणी ती पाजणार."

"हो."

त्या दोन महिन्यांत रावजींची उशी कोणी सारखी केली, पथ्य कोणी सांभाळलं, तिन्ही त्रिकाळ कूस कोणी बदलली, ते मला माहीत होतं. तिच्या वाट्याला यायची एकच गोष्ट उरली होती आणि आम्ही तिच्यापुढे कागद धरून तीच मागत होतो. मला स्वतःची लाज वाटली. पण नियम माझा नव्हता.

"तीन वर्षांमागं चाळणीच्या महिन्यात ती एकदा दारापर्यंत आली होती," सगुणा म्हणाली. "कडी वाजवली. मी आतूनच म्हटलं, आधी आक्का म्हण, मग उघडते. ती थोडी थांबली आणि गेली. आबांना मी सांगितलं, कोणी नव्हतं, वारा होता." तिनं टाक मागितला. "कुठं करायची सही?"

"संमती घाईनं देऊ नये, असंही नियमात आहे," साहेब म्हणाले.

"घाई मला नाही, साहेब. आबांना आहे."

तिनं सही केली. डबा कोण नेणार हा प्रश्न राहिला, तेव्हा मी नेतो असं म्हणालो. साहेबांनी त्या जास्तीच्या दिवसाची माझी हजेरी कशी मांडायची ते विचारलं. नंतर बघू, असं मी म्हणालो. एकोणतीस वर्षांत हा शब्दप्रयोग मी कचेरीत पहिल्यांदा केला.

सगुणा धावत घरी गेली. मी वेशीबाहेर आलो, तांबटांचं घर शंभर हातांच्या चांगलं मागे पडलं याची खात्री केली आणि डबा मैलाच्या दगडावर ठेवला. नऊ वर्षांपूर्वीची, राळ्याच्या महिन्यातली तिथी होती. हवामानाच्या जागी माझ्याच अक्षरात 'धुकं, कडक थंडी' लिहिलेलं होतं, म्हणून मी वालाच्या उकाड्यात गळपट्टा घेतला होता. रावजींची झाळ छिन्नीच्या तिसऱ्या घावाला सुटली. थंडी बाहेर आली, धुकं पसरलं आणि शंभर हातांपलीकडचं सगळं थांबलं.

मी चालू लागलो. डब्यात डोकावलं की दिवस किती उरलाय ते बरणीतल्या तुपासारखं दिसतं. वाटेत ज्यांच्या जवळून गेलो त्यांना थोडा थोडा वेळ जास्त मिळाला. एक गुराखी जागा झाला, मला राम राम म्हणाला, थंडी का पडली म्हणून विचारलं आणि मी पुढे गेल्यावर हात वर केलेला तसाच राहिला. एका बाईचं दूध त्या जास्तीच्या वेळात उतू गेलं. तिची तक्रार दाखल आहे.

बारा घटकांनी टाकं दिसलं. अनसा त्याच्या अलीकडच्या पायरीवर काठी पुढे टाकून थांबलेली होती. चेहरा सगुणाचाच, पण उन्हानं जास्त रापलेला. मी शंभर हातांच्या आत शिरलो तशी काठी खाली टेकली. तिनं धुक्याकडे पाहिलं, डब्याकडे पाहिलं आणि मग मला ओळखलं.

"माझा अर्ज नामंजूर करणारे तुम्हीच ना?"

"मीच. चल. आबा आहेत अजून."

"डबा कुणी मागितला?"

मी संमतीचा कागद तिच्या हातात दिला. तिनं तो वाचला, खालची सही बोटानं चाचपली आणि पायरीवर बसली.

"हे तिला कळलंय का, कशावर सही केली ते?"

"साहेबांनी वाचून दाखवलं. तिनं 'कायमची का' म्हणून विचारलंसुद्धा."

अनसा बसूनच राहिली. डब्यातला दिवस कमी होत होता. मी एकदा खाकरलो, दोनदा खाकरलो. दोन घटका गेल्या. मग ती पदरानं तोंड पुसून म्हणाली, "आईनं मला तसं काहीच सांगितलं नव्हतं, काका. मी आपलं बोलून गेले. तिच्या हातात तांब्या बघवला नाही. आणि बोलल्यावर मग मागं कसं घ्यायचं?"

मी तिला हात दिला आणि ती उठली.

परतीची वाट सोळा घटकांची झाली. ती काठीवर भार देत होती आणि दर पायरीला तोंडातल्या तोंडात काहीतरी म्हणत होती. गळपट्टा मी तिला दिला. वेशीत शिरलो तेव्हा डब्याच्या तळाला जेमतेम लागलेला दिवस होता. तांबटआळीच्या तोंडाशी तोही सरला. धुकं एकदम विरलं, उकाडा अंगावर आला आणि विहिरीवर अर्ध्यात थांबलेलं पोहऱ्यातलं पाणी घागरीत पडलं.

सगुणा दारात उभी होती. तिच्या लेखी ती नुकतीच धावत घरी पोचली होती, तिला अजून धाप लागलेली होती. तिनं बहिणीला पाहिलं, बाजूला झाली आणि दार पुरतं उघडलं.

रावजींचे डोळे मिटलेले होते. अनसा त्यांच्या उशाशी बसली. "आबा, मी अनसा."

त्यांनी डोळे उघडले. बराच वेळ तिच्याकडे पाहिलं. मग त्यांची नजर दारात उभ्या असलेल्या माझ्याकडे आणि माझ्या हातातल्या डब्याकडे वळली.

"माझी झाळ आहे," ते म्हणाले. "कशानं काढली?"

"छिन्नीनं, रावजी."

"काठ वाकवलात. कोळशावर धरायचा असतो." थोडा दम घेऊन त्यांनी विचारलं, "किती घावांत सुटली?"

"तीन."

हे ऐकून त्यांना बरं वाटलेलं दिसलं. त्यांनी एक हात अनसाच्या हातात दिला, दुसऱ्यानं सगुणाला चाचपलं आणि पाणी मागितलं.

तांब्या सगुणाच्या हातात होता. तिनं तो घट्ट धरला होता. मग तिनं तो अनसापुढे केला.

"घे, आक्का," ती म्हणाली. "तू पाज."

अनसानं तांब्या घेतला. तांब्या काठोकाठ भरलेला होता. पाणी रावजींच्या ओठांशी गेलं तेव्हा सगुणा मागे उभी राहिली आणि तिनं बहिणीच्या कोपराला हात लावला. तो हात नसता तर पाणी सांडलं असतं.

रावजी दुपारच्या आत गेले. नोंद वाल वद्य सप्तमी अशीच केली. एकाच नावाच्या दोन सप्तम्या झाल्या होत्या, पण त्यांच्या वाट्याला एकच आली होती, त्यामुळे काही अडचण आली नाही. दुसऱ्या दिवशी मी जन्माचं पुस्तक काढून सगुणाच्या नावापुढचं 'थोरली' खोडलं आणि अनसाच्या नावापुढे लिहिलं. माझी हजेरी साहेबांनी 'कचेरीच्या कामासाठी, दिनांकाविना' अशी मांडली.

तेराव्याच्या दुसऱ्या दिवशी दोघी बहिणी खिडकीशी आल्या. अर्ज अनसाचा होता. समास सोडलेला नव्हता, तरी मी वाचला. मिळालेला दिवस परत करायचा आहे, असं त्यात लिहिलं होतं.

"वापरलेला दिवस परत घेत नाहीत," मी म्हणालो.

"मग हिला एक द्या. कुठलाही चालेल."

"चतुर्दशीचा एक आहे. पण अख्खा द्यावा लागेल. फोडून देत नाहीत. मग ही तुझ्यापेक्षा तेरा घटकांनी मोठी होईल."

"होऊ दे."

"मला नको," सगुणा म्हणाली. "मी तो उघडणार नाही. थोरली तूच. पुस्तकात तसं आहे."

"पुस्तकात काय, काकांनी लिहिलं म्हणून आहे."

निमकरसाहेब आवाज ऐकून बाहेर आले. त्यांनी अर्ज दोनदा वाचला आणि कारणाचा रकाना रिकामा असल्याचं दाखवून दिलं. कारणाशिवाय अर्ज दाखल होत नाही. मी टाक बुडवला आणि दोघींकडे पाहिलं.

"तू सांग, आक्का," सगुणा म्हणाली.

"नाही आक्का, तूच सांग," अनसा म्हणाली.

मागे सुगीवाल्यांची रांग लागली होती. मी रकान्यात 'अर्जदार नंतर कळवतील' असं लिहिलं, अर्जावर आवक क्रमांक टाकला आणि रांगेतल्या पुढच्या माणसाला कुठली तिथी हवी ते विचारलं.